हसायचा हुकूम!

ओगुर्त्सोव्ह या रशियन आडनावाच्या पोटात एक काकडी आहे. रशियन भाषेत काकडीला 'ओगुरेत्स' म्हणतात. तेव्हा ज्या गृहस्थांची हकीगत मी सांगणार आहे त्यांना मराठीत काकडेसाहेब म्हणायला हरकत नाही. (आपल्याकडील काकडे मंडळींनी कृपया राग मानू नये. हे काकडे तिकडचे, बर्फातले!)

तर हे साहेब एका सांस्कृतिक भवनाचे हंगामी डायरेक्टर. नेमणूक ताजी, खुर्ची अजून अंगवळणी पडायची आहे. वर्षाचा शेवटचा दिवस आहे आणि रात्री भवनात नववर्षाचा जलसा व्हायचा आहे. तरुण मंडळींनी नाच, गाणी, विदूषक, जादूचे प्रयोग असा झकास कार्यक्रम बसवला आहे. साहेब तो तपासायला बसतात. ते आनंदाच्या विरुद्ध आहेत असे मात्र समजू नका. नववर्ष आनंदात साजरे करावे असे वरूनच आलेले आहे. तेव्हा आनंद हा झालाच पाहिजे. फक्त तो रीतसर व्हावा, कोणाला बोट ठेवायला जागा राहू नये, एवढेच त्यांचे म्हणणे. नाचणाऱ्या मुलींचे पाय दिसतात? झाका. विदूषकांनी नाकाला रंग का लावला आहे? पुसून टाका, आणि सभ्य कपड्यांत उभे राहून काहीतरी बोधप्रद बोला. वाद्यांची चौकडी आहे? चारच माणसे का? आणखी भरा, म्हणजे चांगली भरभक्कम चौकडी होईल! आरंभी साहेबांचे स्वतःचे छोटेखानी भाषण, जेमतेम चाळीस मिनिटांचे. त्यानंतर मंगळावर जीवसृष्टी आहे की नाही या विषयावर एका विद्वानांचे व्याख्यान.

स्नेहसंमेलनात पाहुण्यांचे भाषण संपण्याची वाट पाहत चुळबुळणारी पोरे ज्याने पाहिली आहेत, किंवा जो त्या पोरांतलाच एक होता, त्याला या साहेबांची ओळख वेगळी करून द्यायला नको.

पुढे काय होते ते चित्रपटाच्या नावातच आहे. 'कार्निव्हालची रात्र' हे ते नाव. भवनातली लेना ही पोरगी, तिच्यावर भाळलेला ग्रीशा हा वीजतंत्री आणि त्यांचे साथीदार मिळून साहेबांच्या प्रत्येक हुकमाला आतून सुरुंग लावतात. व्याख्यात्याला आधीच कोन्याक पाजली जाते, आणि तो बिचारा आकाशातले तारे सांगता सांगता बाटलीवरच्या पाच ताऱ्यांवर घसरतो व शेवटी नाचू लागतो. साहेबांनी मागवलेला निवृत्त म्हाताऱ्यांचा वाद्यवृंद म्हणून खोट्या दाढ्या लावलेली तरणीताठी पोरे रंगमंचावर येतात आणि जाझचा धडाका उडवून देतात. खुद्द साहेब भाषणाला उभे राहतात, तर कागदांऐवजी त्यांच्या अंगातून जादूगाराचे सामान बाहेर पडू लागते. सभागृह हसून लोटपोट! अगदी शेवटी साहेब पुन्हा पडद्यावर उगवतात आणि अधिकृतपणे जाहीर करतात की, आज येथे जे काही घडले त्याची कसलीही जबाबदारी माझ्यावर नाही.

हे शेवटचे वाक्य मी पहिल्यांदा ऐकले तेव्हा नुसता हसलो होतो. चित्रपटाचे साल ध्यानात आले तेव्हा ते वाक्य दुसऱ्याच अंगाने ऐकू येऊ लागले. साल १९५६. त्या वर्षीच्या फेब्रुवारीत विसाव्या पक्षअधिवेशनात बंद दाराआड ख्रुश्चोव्ह यांनी स्टालिनच्या अपराधांचा पाढा वाचला होता. छावण्यांतून माणसे परतत होती. ज्यांच्या सहीने ती गेली होती ते साहेब मात्र आपापल्या खुर्च्यांवर होतेच, आणि 'जबाबदारी माझ्यावर नाही' हे वाक्य त्यांच्यापैकी पुष्कळांच्या ओठांवर होते. अशा वर्षी हा गाण्याबजावण्याचा, वरकरणी निरुपद्रवी चित्रपट तयार झाला. आणि गंमत पहा, हसण्यावर हुकूम चालवणाऱ्या साहेबाची टर उडवणारे हे चित्र मुळात जन्मले तेच एका साहेबाच्या हुकमाने!

त्या साहेबांचे नाव इवान पिर्येव्ह. मॉसफिल्म या सरकारी चित्रसंस्थेचे ते १९५४ पासून प्रमुख. स्वतः नामांकित दिग्दर्शक. 'ट्रॅक्टरचालक' आणि 'कुबानचे कोसॅक' ही त्यांची संगीतप्रधान चित्रे. दुसऱ्यातील सुगीच्या जत्रेत फळांच्या राशी आणि भरल्या ताटांची अशी रेलचेल, की युद्धानंतर उपाशी राहिलेल्या देशात पुढे तोच थट्टेचा विषय झाला. माणूस तापट, आरडाओरडा करणारा, पण हाताखालच्या माणसाचे पाणी ओळखणारा. त्यांनी गादी हाती घेतली तेव्हा रशियन चित्रधंदा जवळजवळ झोपला होता. स्टालिनच्या अखेरच्या काळात दर चित्राची इतकी छाननी होई की, १९५१ साली उभ्या देशात अवघी नऊ कथाचित्रे निघाली. त्यात विनोदी चित्राची तर पंचाईतच. विनोदाला कोणीतरी मूर्ख, कोणीतरी लबाड लागतो. आणि आदर्श समाजात मूर्ख व लबाड दाखवायचे कोणाला? १९५२ च्या अधिवेशनात मालेन्कोव्ह यांनी व्यासपीठावरून सांगितले की, आम्हाला सोव्हिएट गोगोल आणि सोव्हिएट श्चेद्रिन हवे आहेत. म्हणजे उपहासही वरूनच मागवला गेला. पण मागवून येणारा तो माल नव्हे.

पिर्येव्ह यांची नजर पडली एल्दार रियाझानोव्ह या अठ्ठावीस वर्षांच्या पोरावर. हा सोळाव्या वर्षी मॉस्कोच्या चित्रपटविद्यालयात दाखल झालेला, ग्रिगोरी कोझिन्त्सेव्ह यांचा शिष्य. दुसऱ्या वर्षानंतर गुरुजी त्याला म्हणाले, तू फार लहान आहेस, तुला काढून टाकावे लागणार. त्यावर याचे उत्तर असे, की दोन वर्षांपूर्वी मला घेतलेत तेव्हा मी याहून लहान होतो! गुरुजी निरुत्तर झाले आणि पोरगा राहिला. विद्यालयातून १९५० साली बाहेर पडल्यावर त्याने पाच वर्षे माहितीपट काढले, त्यासाठी थेट साखालिन बेटापर्यंत भटकला. मॉसफिल्ममध्ये आल्यावर गाण्यानाचांचे एक संमेलनवजा चित्र त्याने जुळवले होते, एवढेच. विनोदी कथाचित्राचा त्याला अनुभव नव्हता आणि हौसही फारशी नव्हती. पिर्येव्ह यांनी बोरिस लास्किन आणि व्लादिमिर पोल्याकोव्ह यांची संहिता त्याच्या पुढ्यात टाकली तेव्हा त्याने नकार दिला. थकलो आहे, रजा हवी, वगैरे. पुढे रियाझानोव्ह मोठ्या चवीने सांगत असे की, साहेबांचे बोलावणे चुकवण्यासाठी आपण सिनेमा पाहायला जाऊन बसलो, तर तिथल्या अंधारातूनही आपल्याला हुडकून बाहेर काढण्यात आले. अखेर तो कबूल झाला. तेव्हा 'कार्निव्हालची रात्र' हे चित्र दिग्दर्शकाच्या गळ्यात मारलेले आहे, हे विसरून चालणार नाही.

मग प्रश्न आला काकडेसाहेबांचे काम कोणी करायचे. रियाझानोव्हच्या मनात खराखुरा, कोरडा अंमलदार होता. कचेरीत दिसतो तसा, ज्याला पाहून हसू येण्याआधी पोटात गोळा उठावा असा. त्याने एका गंभीर चेहऱ्याच्या नटाची चाचणीही घेतली. पिर्येव्ह यांनी ती पाहिली आणि साफ सांगितले की, हा असला खरा साहेब घेशील तर लोक हसायचे नाहीत. इगोर इल्यिन्स्कीला घे. माझ्या मते या एका निकालाने चित्र तरले. आणि गंमत म्हणजे इल्यिन्स्कीही चटकन तयार नव्हते. त्यांचे कारण ऐकण्यासारखे आहे. असाच साहेब त्यांनी अठरा वर्षांपूर्वी एकदा वठवून ठेवला होता. आता पुन्हा तेच करायचे काय?

ते पहिले चित्र म्हणजे ग्रिगोरी अलेक्झांद्रोव्ह यांचे 'व्होल्गा-व्होल्गा'. साल १९३८. त्यात इल्यिन्स्की झाले होते बिवालोव्ह, एका आडगावच्या लघुउद्योगांचे अधिकारी. आपल्या गावात कलावंत असूच शकत नाहीत अशी त्यांची ठाम समजूत, आणि सारे लक्ष मॉस्कोला बढती कधी मिळते तिकडे. स्टालिनला हे चित्र अतिशय आवडे. तो ते पुन्हापुन्हा पाही. १९४१ साली त्याला स्टालिन पारितोषिकही मिळाले. पडद्यावर जहाजे, गाणी, हास्याचा पूर. पडद्यामागे काय होते? छायालेखक व्लादिमिर नील्सेन यांना काम चालू असताना, ऑक्टोबर १९३७ मध्ये, पकडून नेले आणि जानेवारीत गोळी घातली. चित्र लागले एप्रिलात. संवाद ज्यांच्या लेखणीतून उतरले ते निकोलाय एर्दमान यांना तर अलेक्झांद्रोव्ह यांच्या आधीच्या विनोदी चित्राच्या वेळी, १९३३ साली, काळ्या समुद्राकाठच्या गाग्रा येथे चित्रीकरणाच्या जागेवरूनच उचलले होते. पुढे सैबेरियात हद्दपारी. 'व्होल्गा-व्होल्गा' लिहिताना त्यांना मॉस्कोत राहायची परवानगी नव्हती, आणि श्रेयनामावलीत त्यांचे नाव आले नाही. देश ज्या वाक्यांवर हसत होता ती कोणाची, हे देशाला ठाऊक नव्हते.

इल्यिन्स्की हे सारे जवळून पाहिलेले. ते मेयरहोल्ड यांच्या रंगभूमीवर घडलेले नट. त्या थोर दिग्दर्शकाला १९३९ साली पकडले, १९४० मध्ये ठार केले, आणि तो निरपराध होता असा कागद निघाला १९५५ साली. म्हणजे 'कार्निव्हाल'च्या आदल्याच वर्षी. तेव्हा रियाझानोव्ह भेटायला आला त्या वेळी समोर बसलेल्या पंचावन्न वर्षांच्या नटाच्या मनात 'तोच साहेब पुन्हा का' एवढीच शंका असेल असे मला वाटत नाही. अर्थात हा माझा तर्क. घडले ते एवढेच, की या तरण्या दिग्दर्शकाने त्यांना पटवले: बिवालोव्ह मतलबी होता, ओगुर्त्सोव्ह तसा नाही. हा मनापासून राबतो. याला बढती नको, लाच नको. सारे सुरळीत व्हावे म्हणून बिचारा घाम गाळतो आणि जिथे हात लावतो तिथली हिरवळ करपून जाते. त्याचे भय वाटते ते याचमुळे. इल्यिन्स्कींनी तो तसाच उभा केला. हाताखालच्या मंडळींकडे ते कसे मायेने पाहतात ते नीट पाहा. बाप पोराला औषध पाजताना पाहतो तसे!

(बिवालोव्हच्या चित्रात जो भित्रा हिशेबनीस होता, तो आंद्रेय तुतिश्किन हा नट इथेही आहे, आणि इथेही हिशेबनीसच! अठरा वर्षांत साहेब बदलले नाहीत तर कारकून तरी कशाला बदलेल? आणखी एक. मंगळावर जीवसृष्टी आहे का याची चिंता वाहणाऱ्या या नटाने १९२४ साली 'एलिता' या मूकपटात खुद्द मंगळाची सफर केलेली आहे.)

आता लेना. ल्युदमिला गुर्चेन्को ही खार्कोव्हची पोर, जन्म १९३५ चा. बाप बायान वाजवणारा. युद्धात तो आघाडीवर गेला आणि शहर जर्मनांच्या हाती पडले. सहासात वर्षांची ही मुलगी जर्मन सैनिकांच्या तळावर जाऊन गाणी म्हणे आणि मिळेल ते अन्न डब्यात घालून आईकडे आणी. हे तिने स्वतः पुढे आपल्या पुस्तकात लिहून ठेवले आहे. चित्रपटविद्यालयात शिकत असताना 'कार्निव्हाल'साठी तिची चाचणी झाली आणि ती पडली. छायालेखन इतके वाईट झाले होते की, पडद्यावर ही मुलगी कोणाला आवडेना. दुसऱ्या एका मुलीला घेऊन काम सुरूही झाले, पण तिला ते झेपेना. गुर्चेन्को एक दिवस मॉसफिल्मच्या बोळातून चालली असता समोरून पिर्येव्ह आले. त्यांनी तिला थांबवले, दोन प्रश्न विचारले, हाताला धरून नेले आणि नीट प्रकाशात पुन्हा चित्रण करायला लावले. पुन्हा हुकूमच!

पुढचे सर्वांना ठाऊक आहे. काळा पोशाख, दोन्ही हात खुपसायचा पांढरा शुभ्र मफ, मुठीत मावेल अशी कंबर, आणि आनातोली लेपिन यांनी स्वर दिलेले ते 'पाच मिनिटां'चे गाणे. नवे वर्ष लागायला पाच मिनिटे उरली आहेत, एवढाच त्याचा विषय. जिने भुकेपोटी शत्रूपुढे गाणी म्हटली, ती पोरगी आता सबंध देशाला नव्या वर्षाच्या शुभेच्छा देत होती. तिच्या हसण्यात जो उतावीळपणा आहे तो नुसता अभिनय वाटत नाही, तो यामुळेच असावा.

आणि तिच्यामागे वाजणारे ते जाझ! ते वाजवले आहे एडी रोझनर यांच्या वाद्यवृंदाने. रोझनर मूळचे बर्लिनचे ज्यू, असामान्य ट्रम्पेटवादक. हिटलरच्या तावडीतून निसटून पोलंडमार्गे रशियात आले, आणि तिथे राज्याचे मानकरी झाले. युद्ध संपल्यावर वारे फिरले. जाझ हे परकीय, भ्रष्ट संगीत ठरले. १९४६ साली ल्व्होव्हमधून देश सोडू पाहणाऱ्या रोझनर यांना पकडले, दहा वर्षांची शिक्षा झाली आणि कोलीमाच्या बर्फात पाठवले. तिथेही त्यांनी कैद्यांचा वाद्यवृंद उभा केला. १९५४ साली सुटले. आणि दोनच वर्षांनी साहेबांच्या नाकावर टिच्चून, म्हाताऱ्यांच्या खोट्या दाढ्यांआडून, त्यांचे जाझ पडद्यावर गरजले. दाढी उतरवून वाद्य उचलणाऱ्या त्या पोरांचा प्रसंग मी पाहतो तेव्हा मला रोझनर आठवल्यावाचून राहत नाहीत. सात-आठ वर्षे त्या संगीताला खरोखरच दाढी लावून हिंडावे लागले होते.

चित्रीकरण निम्म्यावर आले असताना मॉसफिल्मच्या कलामंडळाने तुकडे पाहिले. निकाल: नीरस, सामान्य, हसू येत नाही. विनोदी चित्राची कच्ची कापाकापी पाहून कोणाला कधी हसू आले आहे? पण कागदोपत्री शेरा पडला तो पडला. तरण्या दिग्दर्शकाच्या पायाखालची वाळू सरकली. पिर्येव्ह मात्र त्याच्या पाठीशी उभे राहिले आणि काम पुढे चालू राहिले. बाहेर काय चालले होते? नोव्हेंबरात रशियन रणगाडे बुडापेस्टमध्ये शिरले होते. फेब्रुवारीत उघडलेली खिडकी पुन्हा अर्धवट लोटली जात होती. चित्र आणखी वर्षभर रखडते तर त्यातल्या किती गोष्टी कात्रीतून सुटल्या असत्या, सांगता येत नाही.

२९ डिसेंबर १९५६ रोजी ते पडद्यावर आले. तीन दिवसांनी खरोखरचेच नवे वर्ष! सुमारे चार कोटी शहाऐंशी लाख प्रेक्षकांनी ते पाहिले आणि वर्षाच्या चित्रांत ते पहिले आले. खरे सांगायचे तर कलाकृती म्हणून ते काही निर्दोष नाही. कॅमेरा नाटकाच्या पहिल्या रांगेत बसल्यासारखा बसून राहतो, प्रेमाचा भाग पातळ आहे, आणि रियाझानोव्हने पुढे याहून सरस चित्रे काढली. मोटारचोराची गोष्ट सांगणारे १९६६ चे चित्र मला यापेक्षा कितीतरी खोल वाटते. पण ओगुर्त्सोव्हसारखा साहेब त्याला पुन्हा गवसला नाही. ते आडनाव रशियात अशा अंमलदारांचे टोपणनावच होऊन बसले.

पिर्येव्ह १९५७ साली खुर्चीवरून गेले. रोझनर यांनी १९७३ मध्ये अखेर तो देश सोडला, आणि तीन वर्षांनी आपल्या जन्मगावीच, पश्चिम बर्लिनमध्ये, डोळे मिटले. सर्वांत चमत्कारिक वाट लेनाच्या वाट्याला आली. देशभर कार्यक्रमांची बोलावणी येत होती. थोड्याच दिवसांत तरुणांच्या एका मोठ्या सरकारी दैनिकात तिच्यावर झोड उठवणारा लेख छापून आला की, ही नटी बाहेरच्या कार्यक्रमांतून परस्पर पैसे घेते. पाचपन्नास रुबलांची ती गोष्ट. पण साहेब लोकांची नाराजी झाली की दारे कशी मिटतात हे सांगायला नको. दहा-पंधरा वर्षे तिला कामे मिळाली ती बहुतेक किरकोळ. लोक तिला ओळखत ते त्या पाच मिनिटांच्या गाण्यावरून. आणि दिग्दर्शक म्हणत, हिला गंभीर काम कसे द्यायचे, ही तर कंबर लचकवणारी!

ती कोंडी फुटली १९७३ साली, 'जुन्या भिंती' या चित्रात. त्यात गुर्चेन्को झाली आहे एका कापडगिरणीची डायरेक्टर. मेजामागे बसलेली, एकटी, थकलेली, हाताखालच्या शेकडो बायांची काळजी वाहणारी. चेहऱ्याला रंग नाही, गाणे नाही, नाच नाही. एकेकाळी डायरेक्टरसाहेबांच्या नाकी नऊ आणणाऱ्या पोरीने आता स्वतः ती खुर्ची घेतलेली पाहून मला मोठी मौज वाटली. त्यानंतर नऊ वर्षांनी रियाझानोव्हने तिला पुन्हा बोलावले, 'दोघांसाठी स्टेशन' या चित्रात. आता ती रेल्वे स्टेशनावरच्या उपाहारगृहातली वाढपीण आहे, चाळिशी ओलांडलेली, तोंडाने फटकळ. गाडी चुकलेल्या एका प्रवाशाशी ती जेवणाच्या पैशांवरून कडाकडा भांडते, आणि त्या भांडणातच मध्ये कुठेतरी, क्षणभर, ओठांच्या कोपऱ्यात ती लेना हसून जाते.